आयोवाचा निकाल लोणी काळभोरात बसून कसा लिहावा

ही पुस्तिका अगदी नवशिक्यांसाठी आहे. ज्यांना विकास सोसायटीतलं पॅनल कळतं, कोण कोणाच्या गाडीत बसून गेलं यावरून निकाल सांगता येतो, पण अमेरिकेतल्या प्रायमरीचा विषय निघाला की जे चहाचा घोट घेऊन बोलणं पावसाकडे वळवतात, त्यांच्यासाठी. पुस्तिका संपेपर्यंत अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या एका जुन्या प्रायमरीचा निकाल तुम्हाला स्वतःच्या वहीत, स्वतःच्या अक्षरात लिहिता येईल. याचा उपयोग काय, असं विचारू नये. सोलापूर रस्त्यावर तेलाच्या टँकरमागे रोज उभं राहणाऱ्या माणसाने वेळ वाया जाण्याची काळजी करणं शोभत नाही.

साहित्य

जाड पुठ्ठ्याची लांबट हिशेबवही, निळं पेन, लाल पेन, शिसपेन्सिल आणि खोडरबर. यातलं खोडरबर चांगल्या प्रतीचं घ्या. लाल पेन सुरुवातीला लोकांना फार आवडतं, विजेत्याच्या नावाखाली रेघ मारायला. पण ते पहिले काही दिवस कपाटात ठेवा. का, ते आयोवात कळेल.

वहीचं पान आडवं धरा आणि रकाने आखा: राज्य, तारीख, उमेदवार, मतं, प्रतिनिधी. नवशिके इथे थांबतात. तुम्ही उजवीकडे अजून दोन रकाने आखा, जरा रुंदच: ‘कोणी सांगितलं’ आणि ‘कधी सांगितलं’. या दोन रकान्यांशिवाय लिहिलेला निकाल म्हणजे पारावरची बातमी.

निवडणूक कोणती घ्यावी

शिकायला २०१२ सालची रिपब्लिकन पक्षाची प्रायमरी घ्या. २०१६ ची घेऊ नका. तिच्यावरून अमेरिकेतल्या भाच्यांचे आणि इथल्या मामांचे संबंध अजून सुधारलेले नाहीत. २०१२ च्या निकालाबद्दल आता कोणाला राग नाही, लोभ नाही, त्यामुळे वहीवर चहा सांडण्यापलीकडे धोका नाही.

त्या वर्षी शेवटपर्यंत नाव घेण्यासारखे उमेदवार चार होते: मिट रॉम्नी, रिक सँटोरम, न्यूट गिंगरिच आणि रॉन पॉल. चौघांची आडनावं वेगवेगळी, ही नवशिक्याला केवढी सोय आहे पाहा. आपल्या गावाच्या नावातच आडनाव आहे. ग्रामपंचायतीला काळभोरांविरुद्ध काळभोर उभे राहतात, तेव्हा निकाल लिहिणाऱ्याला वडिलांच्या नावापर्यंत जावं लागतं, आणि तेही जुळलं तर वस्तीपर्यंत. त्या मानाने अमेरिका सोपी आहे.

प्रायमरी म्हणजे काय, हे एकदाच सांगतो. पक्षाचं तिकीट कोणाला मिळणार हे तिथे पक्षाचे मतदार मतदान करून ठरवतात. हे वाक्य पुन्हा वाचा. हॉटेलात सांगितलं तर कोणी विश्वास ठेवणार नाही, ‘मतदान? तिकिटाला?’ असं म्हणून पुढचा माणूस तुमच्याकडे दयेने बघेल. तरी ते खरं आहे. राज्याराज्यांत जानेवारीपासून जूनपर्यंत मतदान होतं, प्रत्येक राज्यातून प्रतिनिधी निवडले जातात, आणि ते उन्हाळ्यात एका मोठ्या अधिवेशनाला जाऊन उमेदवार ठरवतात. २०१२ मध्ये रिपब्लिकनांचे एकूण प्रतिनिधी २,२८६ होते आणि तिकिटाला १,१४४ लागत होते. हे दोन आकडे वहीच्या पुठ्ठ्यावर आतून लिहून ठेवा.

काही राज्यांत मतदानकेंद्रावर जाऊन मत टाकायचं असतं. ते राज्य सरकार भरवतं. काही राज्यांत कॉकस असतं. ते पक्ष स्वतः भरवतो. कॉकसला लोक संध्याकाळी शाळेत, वाचनालयात, चर्चच्या हॉलमध्ये जमतात, एकेका उमेदवाराच्या बाजूने कोणीतरी दोन शब्द बोलतं, मग कोऱ्या चिठ्ठीवर नाव लिहून टाकायचं, आणि तिथल्या तिथे मोजायचं. आपल्याकडच्या ग्रामसभेला ज्यांनी कोरमअभावी तहकूब होताना पाहिलं आहे त्यांनी घाईने मत बनवू नये. आयोवा राज्यात २०१२ च्या कॉकसच्या रात्री जानेवारीच्या थंडीत सव्वा लाखाच्या आसपास लोक आले होते.

आयोवा, पहिल्यांदा

तारखेच्या रकान्यात ३ जानेवारी २०१२ लिहा. कंसात ४ जानेवारी लिहा. तिथे संध्याकाळचे सात वाजतात तेव्हा लोणी स्टेशनवर सकाळचे साडेसहा वाजलेले असतात आणि लोकलची माणसं फलाटावर उभी असतात. तिथली मोजणी मध्यरात्र उलटून गेल्यावर संपली, म्हणजे आपल्याकडे दुपारच्या जेवणानंतर. दोन तारखा लिहिल्या नाहीत तर पुढे तुम्ही स्वतःशीच भांडाल.

आता निकाल लिहा. रॉम्नी ३०,०१५. सँटोरम ३०,००७. फरक आठ मतांचा. ‘कोणी सांगितलं’: आयोवाचा रिपब्लिकन पक्ष. ‘कधी’: त्याच रात्री. आठ मतांनी राज्य! इथे नवशिक्याचा हात आपोआप कपाटातल्या लाल पेनाकडे जातो. हात मागे घ्या. पुढच्या सकाळी जगभरच्या वर्तमानपत्रांनी मात्र हात मागे घेतला नव्हता. रॉम्नी जिंकले असं छापून मोकळे झाले.

आयोवा, दुसऱ्यांदा

कॉकस संपल्यावर राज्यातल्या १,७७४ केंद्रांनी आपापल्या निकालाचा सही केलेला कागद पक्षाकडे पाठवायचा असतो. त्या कागदाला तिथे ‘फॉर्म ई’ म्हणतात. ज्यांनी आपल्याकडे मतदान प्रतिनिधी म्हणून दिवसभर केंद्रात बसून संध्याकाळी ‘सतरा सी’ची प्रत घेतली आहे, त्यांना या कागदाची किंमत वेगळी सांगायला नको. त्या प्रतीवर किती मतदान झालं ते लिहिलेलं असतं, आणि मोजणीच्या दिवशी कोणी आवाज चढवला की हाच कागद खिशातून बाहेर येतो. फोनवर सांगितलेला आकडा आणि कागदावरचा आकडा यांत जे अंतर असतं, त्याच अंतरात निवडणुकीतली निम्मी भांडणं राहतात.

आयोवात कागद जमवायला दोन आठवडे लागले. १९ जानेवारीला पक्षाने तपासलेले आकडे जाहीर केले: सँटोरम २९,८३९, रॉम्नी २९,८०५. आता सँटोरम ३४ मतांनी पुढे. रॉम्नींची २१० मतं कमी झाली होती आणि सँटोरमांची १६८. म्हणजे नुसता क्रम उलटला नव्हता, दोघांच्याही पोत्यातून दाणे सांडले होते. आणि आठ केंद्रांचे कागद सापडलेच नाहीत. आजतागायत नाहीत. पक्षाने आधी म्हटलं की विजेता सांगता येत नाही. मग दुसऱ्या दिवशी रात्री उशिरा म्हटलं की सँटोरम विजेते. दरम्यान न्यू हॅम्पशायरचं मतदान होऊन रॉम्नी ते जिंकून गेले होते, आणि २१ तारखेला साउथ कॅरोलिनाचं मतदान तोंडावर होतं. सँटोरमना विजय मिळाला तेव्हा हार घालायला आलेले लोक घरी जाऊन झोपले होते.

या भागात एका माणसाचा वेगळा उल्लेख करायला हवा, कारण तो आपल्या व्यवसायातला आहे. ॲपनूस काउंटीतल्या मौल्टन नावाच्या छोट्या गावात एक तरुण मतं मोजायला मदत करत होता. आपल्या केंद्राचे आकडे त्याने फेसबुकवर टाकायचे म्हणून एका कागदावर उतरवून घेतले. दुसऱ्या दिवशी त्याला दिसलं की आपल्या केंद्रावर रॉम्नींना दोन मतं होती आणि जाहीर झालेल्या यादीत बावीस आहेत. राज्यभराचा फरक आठचा असताना वीस मतांची गोष्ट सांगणारा हा माणूस पत्रकार नव्हता, अधिकारी नव्हता. त्याच्याकडे एक कागद होता. बस. आपल्या वहीच्या पहिल्या पानावर गणपती काढण्याची पद्धत आहे, ती मोडू नये. थेऊरचा चिंतामणी हाकेच्या अंतरावर आहे. पण गणपतीच्या खाली बारीक अक्षरात ‘मौल्टन’ लिहायला हरकत नाही.

आता वहीत काय करायचं? पहिली ओळ खोडायची नाही. खाली दुसरी ओळ लिहायची आणि ‘कधी’च्या रकान्यात १९ आणि २० जानेवारी दोन्ही लिहायच्या. ‘निकाल बदलला’ असं लिहू नका. निकाल तोच होता. मोजणाऱ्यांचं सांगणं बदललं.

आयोवा, तिसऱ्यांदा

हो, अजून आहे. २०१२ मध्ये आयोवातलं त्या रात्रीचं मत प्रतिनिधींना बांधील नव्हतं. चिठ्ठ्या टाकून झाल्यावर बहुतेक लोक गाड्या काढून घरी गेले. मागे थांबलेल्यांतून काउंटीच्या सभेचे सदस्य निवडले गेले, तिथून जिल्ह्याच्या, तिथून राज्याच्या. रॉन पॉल यांची माणसं मागे थांबली. प्रत्येक पायरीवर थांबली. मतांत तिसरे आलेले पॉल ऑगस्टमध्ये टँपाच्या अधिवेशनात आयोवाच्या २८ पैकी २२ प्रतिनिधींची मतं घेऊन गेले. रॉम्नींना सहा. सँटोरम, जे कागदोपत्री जिंकले होते, त्यांच्या नावापुढे शून्य.

आपल्याकडे जेवणावळ सुरू झाल्यावर सभा सोडून जाणारे आणि ठरावावर सही होईपर्यंत सतरंजीवर बसून राहणारे, असे दोन प्रकारचे कार्यकर्ते असतात. दुसऱ्या प्रकाराला कोणी भाषणाला बोलवत नाही आणि चेअरमन मात्र त्यांच्यातूनच होतो. हे ज्याला माहीत आहे त्याने आयोवा वाचून आश्चर्य वाटल्याचं नाटक करू नये.

म्हणजे एका राज्याला तीन ओळी झाल्या आणि तीन विजेते. लाल पेन कपाटात का ठेवायला सांगितलं ते आता कळलं असेल. ज्याला घाईच आहे त्याने तिन्ही नावांखाली रेघा माराव्यात.

बाकीची राज्यं, भरभर

व्हर्जिनियात ६ मार्चला मतपत्रिकेवर दोनच नावं होती, रॉम्नी आणि पॉल. तिथे यादीत नाव यायला दहा हजार सह्या लागत, शिवाय प्रत्येक काँग्रेस मतदारसंघातून चारशे. गिंगरिच स्वतः व्हर्जिनियात राहत होते आणि त्यांचंच नाव नव्हतं. छाननीत अर्ज बाद होण्याचं दुःख आपल्याला नवं नाही. पण हा माणूस पूर्वी अमेरिकेच्या प्रतिनिधीगृहाचा अध्यक्ष होता, हे समासात लिहा.

मेनमध्ये रॉम्नी पॉलपेक्षा १९४ मतांनी पुढे असल्याचं ११ फेब्रुवारीला जाहीर झालं. वॉशिंग्टन काउंटीचं कॉकस हिमवादळाच्या भीतीने पुढे ढकललं होतं आणि त्याची मतं या बेरजेत नव्हती. ‘कोणी सांगितलं’च्या शेजारी ‘कोणाला न विचारता’ असं बारीक लिहून ठेवा.

फ्लोरिडाने ठरलेल्या वेळेआधी मतदान घेतलं म्हणून पक्षाने त्यांचे प्रतिनिधी निम्मे केले. नव्व्याण्णवाचे पन्नास. ते सगळे रॉम्नींना. पॉर्टो रिकोच्या लोकांना प्रायमरीत मत आहे, पण नोव्हेंबरच्या खऱ्या निवडणुकीत नाही. यावर हसणाऱ्यांनी आधी आपला पत्ता लिहून बघावा: ग्रामपंचायत आपली, तालुका हवेली, विधानसभा आणि लोकसभा शिरूरची, पोलीस ठाणं २०२१ पासून पुणे शहर आयुक्तालयात, आणि पाहुण्यांना सांगताना ‘पुण्यात राहतो’.

मिसुरी, थेऊरमार्गे

मिसुरीला जरा थांबायला हवं. ७ फेब्रुवारीला मिसुरीत सरकारी खर्चाने प्रायमरी झाली. सँटोरमना पंचावन्न टक्के मतं पडली. प्रतिनिधी मिळाले किती? एकही नाही. कारण पक्षाने आधीच सांगितलं होतं की प्रतिनिधी मार्चमधल्या कॉकसमध्ये निवडू, या मतदानाशी त्यांचा संबंध नाही. तरी लोक गेले, मत दिलं, निकाल लागला, विजयसभा झाली.

पुण्यातल्या नवशिक्यांना हे समजावून सांगताना माझ्या माहितीतल्या शिकवणाऱ्यांची दमछाक होते. आपल्याकडे एका वाक्यात काम होतं: थेऊरचा यशवंत कारखाना. अण्णासाहेब मगरांनी उभा केलेला हा सहकारी साखर कारखाना २०११ पासून बंद आहे. चिमणीतून धूर नाही, काट्यावर बैलगाडी नाही. आणि २०२४ च्या मार्चमध्ये त्याच्या संचालक मंडळाची निवडणूक झाली. पॅनलं पडली, प्रचारसभा झाल्या, मतमोजणी झाली, गुलाल उडाला. ज्याने तो गुलाल पाहिला त्याला मिसुरी समजावून सांगावी लागत नाही. (कारखान्याच्या मतदारांवर टीका म्हणून हे लिहिलेलं नाही. बंद कारखान्याची जमीन आणि देणी चालू कारखान्याइतकीच जिवंत असतात, आणि त्यांवर कोण बसणार हे ठरवणं बिनकामाचं नाही. मिसुरीवाल्यांकडे एवढं तरी कारण होतं का, हा माझा प्रश्न आहे.)

मार्चमधल्या कॉकसलाही मिसुरीत शोभा झालीच. सेंट चार्ल्स काउंटीतली सभा इतकी तापली की पोलिसांना बोलावून ती बंद करावी लागली आणि दोघांना अटक झाली. साखर कारखान्याच्या वार्षिक सर्वसाधारण सभेला नियमित जाणाऱ्या सभासदांनी हा भाग वगळला तरी चालेल. त्यांचा अभ्यास झालेला आहे.

माघार

आपल्याकडे माघारीचा दिवस असतो, दुपारी तीन वाजता खिडकी बंद होते, त्यानंतर नाव राहिलं ते राहिलं. अमेरिकेत उमेदवार माघार घेत नाहीत, प्रचार ‘स्थगित’ करतात. सँटोरमनी १० एप्रिलला स्थगित केला, गिंगरिचनी मे महिन्याच्या सुरुवातीला. नंतरच्या राज्यांत त्यांची नावं छापलेली असल्यामुळे मतं पडतच राहिली. ती मतं वहीत लिहायची का? लिहायची. गेलेल्या माणसाला पडलेलं मत हे मतच असतं. २९ मे रोजी टेक्सासच्या मतदानानंतर रॉम्नी १,१४४ च्या पुढे गेले. तिथे एकदाचं लाल पेन काढा आणि समाधान करून घ्या.

बेरीज करताना एक नियम. उमेदवारांच्या प्रचार कार्यालयांनी सांगितलेले प्रतिनिधींचे आकडे एकमेकांत मिळवू नका. ग्रामपंचायतीच्या निवडणुका पक्षचिन्हावर होत नाहीत, तरी निकालाच्या संध्याकाळी प्रत्येक पक्ष मुंबईत पत्रकार परिषद घेऊन आपल्या ग्रामपंचायती किती ते सांगतो. सगळ्यांचे दावे एकत्र केले तर महाराष्ट्राला शेजारच्या दोन राज्यांतून गावं उसनी आणावी लागतील. अमेरिकेतही २०१२ मध्ये एका वृत्तसंस्थेचा आकडा दुसरीशी जुळत नव्हता, कारण बांधील नसलेले प्रतिनिधी कोणाच्या खात्यात धरायचे यावर एकमत नव्हतं. प्रत्येक आकड्यापुढे सांगणाऱ्याचं नाव लिहिलंत की तुमची जबाबदारी संपली.

‘यांपैकी कोणी नाही’

काही राज्यांसाठी एक ओळ मोकळी ठेवा. नेवाडात १९७५ च्या कायद्यापासून मतपत्रिकेवर ‘यांपैकी कोणी नाही’ असा पर्याय असतो. २०२४ च्या फेब्रुवारीत तिथल्या रिपब्लिकन प्रायमरीत निकी हेली उभ्या होत्या, ट्रम्प त्या मतपत्रिकेवर नव्हतेच, आणि ‘यांपैकी कोणी नाही’ला त्रेसष्ट टक्के मतं पडली. हेली तिसाच्या आसपास. कायद्याने मात्र नाव असलेल्यांत पहिला येईल तोच विजेता.

आपल्याला नोटा २०१३ मध्ये मिळाला, आणि २०१९ च्या विधानसभेला लातूर ग्रामीणमध्ये तो दुसऱ्या क्रमांकावर आला, २७,५०० मतं घेऊन. विजयी धीरज देशमुख होते. मतमोजणीच्या केंद्रात दुसऱ्या क्रमांकाच्या उमेदवाराचा प्रतिनिधी नसेल तर फेरमोजणी कोण मागणार, हा प्रश्न त्या दिवशी कोणाला तरी पडायला हवा होता. एका बाबतीत आपण नेवाडाच्या पुढे आहोत: महाराष्ट्राच्या राज्य निवडणूक आयोगाने २०१८ मध्ये ठरवलं की स्थानिक स्वराज्य संस्थांत नोटाला सर्वांत जास्त मतं पडली तर फेरनिवडणूक घ्यायची.

पक्षाचा रकाना पेन्सिलीने

अमेरिकेचं लिहिताना पक्षाचा रकाना शाईने भरला तर चालतं. तीच सवय घरच्या वहीला लावाल तर पस्तावाल. उदाहरणाला आपलाच शिरूर लोकसभा मतदारसंघ घ्या. २०१९: अमोल कोल्हे, घड्याळ, ६,३५,८३०, शिवाजीराव आढळराव पाटील, धनुष्यबाण, ५,७७,३४७. आता खालची ओळ. २०२४: अमोल कोल्हे, तुतारी वाजवणारा माणूस, ६,९८,६९२, शिवाजीराव आढळराव पाटील, घड्याळ, ५,५७,७४१.

चिन्हाप्रमाणे वाचलं तर घड्याळ आधी जिंकलं आणि नंतर हरलं. माणसांप्रमाणे वाचलं तर दोन्ही वेळा तोच जिंकला, तोच हरला, आणि हरणाऱ्याने पाच वर्षांपूर्वी ज्या घड्याळाविरुद्ध घसा कोरडा केला तेच घड्याळ मनगटावर बांधलं. त्यात २०१९ च्या निवडणुकीच्या थोडंच आधी कोल्हे शिवसेनेतून राष्ट्रवादीत आले होते, हेही जोडा. रॉम्नी आणि सँटोरम यांच्या भांडणात पक्ष एक होता आणि माणसं वेगळी. आपल्याकडे माणसं तीच असतात. म्हणून म्हणतो, पेन्सिल.

स्वाध्याय पहिला

परकं नाव लिहून कंटाळा आला असेल तर एक मराठी नाव लिहा: श्री ठाणेदार. चिकोडीत जन्म, बेळगावात बालपण, मग अमेरिका, रसायनशास्त्र, कंपनी, पैसा. राष्ट्राध्यक्षपदाची नव्हे, पण प्रायमरीच. ऑगस्ट २०१८ मध्ये मिशिगनच्या राज्यपालपदासाठी ते डेमोक्रॅटिक पक्षाचं तिकीट मागायला उतरले, स्वतःचे लाखो डॉलर घातले आणि सुमारे अठरा टक्के मतं घेऊन तिसरे आले. २०२२ मध्ये डेट्रॉइटकडच्या काँग्रेस मतदारसंघात नऊ जणांच्या गर्दीत अठ्ठावीस टक्के मतांवर तिकीट मिळवलं. तिथे डेमोक्रॅटांचं तिकीट म्हणजे जवळजवळ जागाच, त्यामुळे नोव्हेंबरची निवडणूक सोपी गेली.

नवशिक्याने इथे एकच गोष्ट पाहावी. तिकीट मागताना हरलेल्या माणसाच्या नावापुढेही मतं लिहिलेली आहेत. कोणत्या काउंटीत किती, ते सरकारी दप्तरात आहे. आपल्याकडे तिकीट मागताना हरलेल्या माणसापुढे काय लिहिलेलं असतं? ‘नाराज’. दोन दिवसांनी ‘नाराजी दूर’. आणि नाहीच दूर झाली तर ‘बंडखोर’.

स्वाध्याय दुसरा

आपल्या राज्यात प्रायमरी झालीच नाही असं मात्र वहीत लिहू नका. २०१४ च्या लोकसभेआधी राहुल गांधींच्या आग्रहाने काँग्रेसने देशातल्या पंधरा-सोळा मतदारसंघांत तिकिटासाठी पक्षांतर्गत मतदान घ्यायचं ठरवलं. महाराष्ट्रातून त्यात लातूर आणि वर्धा होते. मतदार म्हणजे गावातला कोणीही नव्हे. पक्षाचे पदाधिकारी आणि निवडून आलेले सदस्य. लातुरात दत्तात्रय बनसोडे यांना तिकीट मिळालं, वर्ध्यात सागर मेघे यांना. सागर मेघे यांचे वडील दत्ता मेघे हे तिथले मावळते खासदार होते, त्यामुळे मतदानाने घराणेशाही मोडेल असं ज्यांना वाटत होतं त्यांनी पहिल्याच फेरीत पाणी प्यायलं. मे महिन्यात दोन्ही जागा भाजपने दोन लाखांहून जास्त मतांनी जिंकल्या: लातुरात सुनील गायकवाड, वर्ध्यात रामदास तडस. त्याच वर्षी मेघे कुटुंब भाजपमध्ये गेलं. पेन्सिल घेतली होती ना?

लोकसभेचे आकडे निवडणूक आयोगाकडे आहेत, केंद्रागणिक आहेत, नमुना २० मध्ये बघता येतात. तिकिटाच्या मतदानाचे आकडे आयोगाकडे कसे असणार? ते पक्षाचं घरगुती काम. २०१४ च्या मार्चमधली जुनी वर्तमानपत्रं चाळा. जे मिळेल ते ‘कोणी सांगितलं’सकट लिहा. प्रयोगाला पडलेलं नाव ‘अपयश’ असं आहे, कारण दोन्ही उमेदवार हरले. मला हे पटत नाही. त्या लाटेत महाराष्ट्रात काँग्रेसच्या दोनच जागा आल्या. चिठ्ठ्या टाकून निवडलेले उमेदवार हरले आणि दिल्लीत बसून निवडलेलेही हरले. फरक एवढाच की पहिल्यांचं तिकीट कुठून आलं ते कोणी विचारलं तर बोट ठेवायला एक तारीख होती.

स्वाध्याय तिसरा, घरी करण्याचा

नवं पान घ्या. वर लिहा: ‘शिरूर, २०२४, तिकीट’. सगळे रकाने आखा, कंटाळा करू नका.

उमेदवार: इच्छुकांची नावं आठवतील तेवढी लिहा. फ्लेक्सवर फोटो होते ते सगळे इच्छुकच होते असं नाही, पण सुरुवात तिथूनच करावी लागेल. मतदार: हा रकाना मोकळा ठेवा. मतदानाचं ठिकाण: कोणी मुंबईचा बंगला सांगेल, कोणी बारामती, कोणी दिल्ली, तिन्ही पेन्सिलीने लिहा. पडलेली मतं: मोकळं. बाद मतं: इथे मात्र जागा पुरणार नाही. तारीख: मार्चअखेरीस आढळरावांचा राष्ट्रवादीत प्रवेश झाला, तेवढी खात्रीने लिहिता येते, त्याच्या मागे काय काय झालं त्याला तारीख नाही. निकाल: एबी फॉर्म.

पान अर्धं मोकळं दिसतं म्हणून फाडू नका आणि त्यावर किराणाची यादी करू नका. वरच्या कोपऱ्यात पानाचा क्रमांक घाला, म्हणजे कोणी फाडलं तर कळेल. मग दोन रुंद रकाने राहिले. ‘कधी सांगितलं’ यात लिहा: अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी, दुपारी, तीन वाजायच्या थोडं आधी. ‘कोणी सांगितलं’ यात लिहा: हॉटेलात, सगळ्यांनी.